राणी, राजमाता आणि दोन पायली कुरडया

हिंदुस्थानात बोलपटाला आवाज दिला, तो मी!

आता 'हिंदुस्थानात' म्हणजे धुळ्यात. धुळ्यात म्हणजे सबंध धुळ्यात नव्हे, पांझरेच्या काठी, देवपूरच्या अंगाला अभिमन नानांचं पत्र्याचं थेटर होतं, तिथे. आणि 'दिला' म्हणजे रोज दिला असं नाही. सन तेहेतीसच्या चैत्रातल्या एका गुरुवारी, दुपारी पावणेचार ते पाच. एवढं बारीकसारीक सोडलं तर विधान जसंच्या तसं खरं आहे.

मी मूळचा यावलकडचा. घरी केळीची बाग, आणि बागेला पाणी धरायला मी एकटा मुलगा. पण मला लहानपणापासून एक खोड होती, कान टवकारून बसायची. मोट रिकामी खाली जाताना कशी कुरकुरते आणि भरून वर येताना कशी, हे मी पाण्याकडे पाठ करून सांगत असे. आबा, म्हणजे माझे वडील, म्हणायचे, "ऐकतो कशाले? पाणी कुठं चाललं ते पाह्य ना!" तोवर पाणी शेजारच्या बागेत गेलेलं असे. शेवटी शेजाऱ्याची केळी आमच्यापेक्षा जोमात आली, तेव्हा आबांनी मला पेटी शिकायला धुळ्याला मावशीकडे पाठवलं. त्यात संगीताच्या आवडीपेक्षा केळीची काळजी जास्त होती.

धुळ्यात मी अभिमन नानांच्या थेटरात चिकटलो. तेव्हा सगळे मूकपट. चित्र मुकं, म्हणून पेटी मी वाजवायची, तबला माझ्या जोडीदाराने, वनाने, आणि चित्रात जे जे वाजायला हवं ते ते आम्ही दोघांनी वाजवायचं. घोडा आला की नारळाच्या करवंट्या. आग लागली की केळीची वाळकी पानं चुरगाळायची. ही पानं आबा घरून पोतं भरून पाठवत. मुलगा काय करतो ते त्यांना ठाऊक नव्हतं, पण मुलाला वाळकी पानं लागतात एवढं त्यांनी ऐकलं होतं. बाण सुटायचा तेव्हा मी पिंजाऱ्याची कापूस पिंजायची धुनकी छेडत असे. टण्णकन असा बाण सुटायचा की पुढच्या रांगेतली माणसं मान खाली घालत! आणि थोबाडीत मारली की परातीत भाकरीच्या पिठावर थाप. ज्वारीचं पीठ साध्या थोबाडीला, उडीद घातलेलं कळण्याचं पीठ खलनायकाला.

आता आमच्या थेटराची एक रीत सांगितली पाहिजे, नाहीतर पुढचं काही कळायचं नाही. पडदा थेटराच्या मधोमध होता. पुढे पुरुष, मागे बायका. पडद्यावर मधूनमधून पाणी मारायचं, म्हणजे ओल्या कापडातून चित्र मागच्या बाजूलाही दिसे. उलटं दिसे. पुरुषांचा राजा उजव्या हाताने तलवार चालवी, बायकांचा डाव्या. बायकांनी कधी तक्रार केली नाही. डावरा तर डावरा, राजा आहे ना!

आणि मी न् वना बसायचो मागे, बायकांच्या बाजूला, पडद्याच्या कडेशी. हा नानांचा हुकूम. "आवाज कसा काढतात ते गिऱ्हाइकाला दिसलं की तो आवाज मेला!" असं नाना म्हणत. गिऱ्हाईक म्हणजे त्यांच्या हिशेबी फक्त पुरुष. त्यामुळे झालं असं, की पुरुषांना आम्ही कधी दिसलो नाही आणि बायकांना सहा वर्षं सगळं दिसत होतं. त्यांना आमची धुनकी पाठ, करवंट्या पाठ. भिकुबाई नावाच्या एक धिप्पाड बाई दर आठवड्याला पहिल्या ओळीत मांडी ठोकून बसत. खलनायकाने थोबाडीत मारली की त्या चित्राकडे नव्हे, माझ्या परातीकडे बघत आणि म्हणत, "पाणी जास्त व्हयनं तुना पिठमा!"

पण घरी जाऊन त्यांनी नवऱ्यांना कधी काही सांगितलं नाही. नवऱ्यांनी विचारलंच नव्हतं.

अशा त्या शेवटच्या मूकपटाच्या दिवसांत एक चमत्कार झाला. मुंबईच्या एका स्टुडिओतले आवाजखात्याचे रेगे नावाचे गृहस्थ काही कामाने धुळ्याला आले. त्यांची चाळीसगावची गाडी चुकली, म्हणून वेळ काढायला ते आमच्या थेटरात शिरले. खेळ संपल्यावर थेट मागे आले. धुनकी बघितली, परात बघितली, बोटाने पीठ चाचपून बघितलं आणि म्हणाले, "आमच्या यंत्राला ऐकू येतं हो, पण काय ऐकायचं ते त्याला कळत नाही. त्याला माणूस लागतो. अक्षय्य तृतीया, तुमची आखाजी, झाली की मुंबईला या. आधी आवाज जमवा. पेटीवर हात बरा आहे, दोन वर्षांत चाली बांधायला लागाल."

चाली बांधायला! मी! मी त्या क्षणी मनातल्या मनात चार बोलपटांना संगीत दिलं आणि पाचवा नाकारला.

आबांना पत्र लिहिलं. आबांचं उत्तर शाळामास्तरांच्या अक्षरात आलं. "मुंबईला नोकरी म्हणतोस, ती कशाची ते मास्तरांना दोनदा वाचूनही समजलं नाही. मी स्वतः येऊन पाहीन. काम दिसलं तर जा. नाही दिसलं तर आखाजीला माझ्याबरोबर घरी ये आणि केळीला पाणी धर."

यात अवघड काय होतं? आबा येतील, माझं काम बघतील, मी मुंबईला जाईन.

आणि त्याच पंधरवड्यात नानांनी बोलपटाचं यंत्र आणलं.

ते यंत्र चालवायला नानांनी जळगावहून कौतिक नावाचा माणूस आणला. कौतिकने पडद्यामागे, माझ्याच जागेशेजारी, हत्तीच्या कानाएवढा कर्णा उभा केला आणि मला म्हणाला, "लीलाधरभाऊ, तुमच्या करवंट्या आता घरी न्या. चटणीला खोबरं असेल तर बघा."

मला राग आला पाहिजे होता. पण खरं सांगू? मला उत्सुकताच इतकी, की रागाला सवड मिळाली नाही. मी म्हटलं, "आवाज कुठे असतो ते तरी दाखव!" कौतिकने चित्राची पट्टी उजेडापुढे धरली. चित्रांच्या कडेला एक बारीक पट्टा होता, पट्ट्यात काळ्या पांढऱ्या रेघा. "हा आवाज," कौतिक म्हणाला. "यातून दिव्याचा उजेड जातो न् त्याचा आवाज होतो. हे बघा, इथे राणी गाते. इथे रेघा दाट झाल्या ना, तिथे तिने वरचा सूर लावलाय."

मी अर्धा तास ती पट्टी उजेडापुढे धरून उभा होतो. सूर डोळ्यांनी दिसत होता, मंडळी! दोन सुतांच्या पट्ट्यात राणी, राजा, घोडे, ढग, सगळे मुंग्यांसारखे ओळीने चालले होते. सहा वर्षं मी जे पोत्यात भरून आणत होतो, ते या माणसाने डबीत आणलं होतं.

बोलपट राजाराणीचा होता. राजा शिकारीला जातो, मागे राणीचं आणि राजमातेचं काहीतरी बोलणं होतं, मग प्रधान येतो, मग एकदम लढाई लागते. भाषा अशी भारदस्त हिंदी उर्दू, की देवपूरच्या शेतकऱ्यांनाच काय, पोस्टमास्तरांनाही निम्मी कळेना.

पहिला खेळ सुरू झाला. नानांनी मला काढून टाकलं होतं, पण मी सवयीने आपल्या जागी जाऊन बसलो. राणीने तोंड उघडलं, कर्ण्यातून बाईचा गोड आवाज आला, आणि पुढून धनसिंगभाऊ उठून उभे राहिले. धनसिंगभाऊ म्हणजे देवपूरचे मोठे शेतकरी, पुढच्या रांगेचे कायमचे धनी. ते खच्चून ओरडले, "वा रे लीलाधर! आज त बाईना आवाज काढा!"

सगळ्या थेटराने टाळ्या वाजवल्या.

आता यात त्या माणसांची काय चूक? सहा वर्षं पडद्यामागून जे येई ते मीच काढत होतो. मेघ गरजले, मी. तोफ उडाली, मी. मग बाई बोलली तर दुसरं कोण? मी घोडा होऊ शकतो, तर बाई व्हायला कितीसा वेळ?

दुसऱ्या दिवशी चहाच्या दुकानात लोकांनी मला गराडा घातला. धनसिंगभाऊंनी माझा हात धरला.

"लीलाधर, एक सांग. दहा माणसं एकदम आरडतस, तवय तू काय करस?"

"भाऊ, ते मी नाही. यंत्र आहे. कौतिक चालवतो."

"पाहा!" धनसिंगभाऊ लोकांकडे वळले. "इतला मोठा माणूस, आन् गर्व नही. काम सोता करस, नाव कौतिकनं सांगस!"

मी जितका नाही म्हणू लागलो तितका माझा विनय वाढू लागला. संध्याकाळपर्यंत मी धुळ्यातला सगळ्यात विनयशील माणूस झालो.

नानांच्या ते लक्षात आलं. पुढच्या खेळाला दुप्पट गर्दी! लोक बोलपट बघायला येत नव्हते, लीलाधर ऐकायला येत होते. नानांनी मला बोलावून घेतलं.

"तुला कामावरून काढलं होतं ना, ते मी मागे घेतलं. तू आपल्या जागी बसायचं."

"आणि काय करायचं?"

"काही नाही. खेळ संपला की पुढे येऊन नमस्कार करायचा. फक्त दमलेला दिस."

म्हणून वनाला नवं काम मिळालं. शेवटचं गाणं संपत आलं की तो माझ्या डोक्यावर तांब्याभर पाणी ओती, आणि मी धापा टाकत पडद्याच्या कडेने पुढे येई. लोक हळहळत. "पाहा, कसा घामाघूम व्हयना!" कोणी ज्येष्ठमध पाठवलं, कोणी हळदीचं दूध, कोणी घशाला लावायला गाईचं तूप. एरंडोलच्या एका गृहस्थाने पद्मालयाच्या गणपतीला माझ्या गळ्यासाठी नारळ फोडला. मी सात आठवडे तोंडातून अक्षर काढलं नाही, आणि माझ्या गळ्याची काळजी निम्मं खानदेश करत होतं!

पुढे पुरुष असे भारावलेले. आणि मागे बायका? मागे बायकांना मी दिसत होतो. कर्ण्यातून राणी विरहाचं गाणं गात असे, आणि शेजारी मी भाजलेल्या शेंगा सोलत असे. भिकुबाईंनी घरी जाऊन नवऱ्याला सांगितलंही म्हणे, "तो लीलाधर काहीच करत नही. शेंगा खात बठस." नवरा म्हणाला, "तुले उलटं दिखस, तू मागे बठस."

मी आबांना पत्र पाठवलं. खोटं एक अक्षर लिहिलं नाही. लिहिलं एवढंच, "बोलपट फार चालला आहे. लोक म्हणतात, सगळं लीलाधर करतो." लोक म्हणत होतेच.

आबा गुरुवारी आले. दुपारी तीनचा खेळ. चैत्रातली दुपार, वर पत्रा. आत माणसं पापडासारखी भाजत होती. आबांनी खांद्यावरून केळीचा घड उतरवून नानांच्या हातात दिला आणि पुढच्या रांगेत, धनसिंगभाऊंच्या शेजारी, खुर्चीवर बसले. जन्मात पहिल्यांदा खुर्चीवर बसले होते, त्यामुळे निम्मेच बसले. धनसिंगभाऊंनी त्यांच्या कानाशी लागून सांगितलं, "आबा, आते पाहा तुमना पोऱ्यानं काम!"

मला भरून आलं. वाटलं, आज सगळं थोडं जास्त झालं पाहिजे. मी कौतिककडे गेलो. "कौतिक, आज आबा आलेत रे. आवाज जरा मोठा कर."

"यंत्र गरम आहे, भाऊ. उन्हाचं कशाला छळायचं त्याला?"

"जरासाच!"

कौतिकने जरासाच केला. पाऊण तास कर्णा असा दणाणत होता की पत्र्यावरची कबुतरं देवपूर सोडून गेली. आबा पुढे ताठ बसले होते. मग राजा शिकारीला निघाला, राणी त्याच्यापुढे आडवी आली, तिने ओठ उघडले, कर्ण्यातून घर्र असा आवाज आला, फट् झालं, आणि राणीची वाचा गेली.

चित्र चालू. राणीचे ओठ हलताहेत. थेटरात चिडीचूप.

धनसिंगभाऊंचा आवाज आला, "कोनी तरी पाणी द्या रे त्याले! घसा कोरडा पडना!"

कौतिक घामाने निथळत माझ्याजवळ आला. "आवाजाचा दिवा गेला! दुसरा चाळीसगावला मिळेल."

"आता काय?"

"आता तुम्ही. सात आठवडे काढताय ना आवाज?"

नाना धावत आले. "चित्र थांबवलं तर खुर्च्या मोडतील! लीलाधर, बोल काहीतरी!"

पडद्याच्या फटीतून मला आबा दिसले. ते पुढे वाकून पडद्याकडे बघत होते, मूठ गुडघ्यावर आवळलेली. मुंबई आणि केळीची बाग, यांच्यामध्ये आता फक्त त्या राणीचे ओठ होते. मी डोळे मिटले आणि राणीच्या आवाजात म्हणालो, "महाराज..."

सात आठवडे मी न बोलता दूध, तूप आणि ज्येष्ठमध खात होतो. त्या सगळ्याचा घशात जो काही गोळा झाला होता, त्यातून जो आवाज निघाला तो व्यालेल्या म्हशीचा होता.

"आज राणीले सर्दी शे!" पुढून कोणीतरी म्हणालं.

मी पुन्हा प्रयत्न केला. पण आता राजा उत्तर देत होता, आणि त्याच वेळी राणी रडत होती. एका तोंडाने माणूस किती बोलेल? मी राजाचं अर्धं वाक्य राणीत घातलं आणि राणीचं रडणं राजाला लागलं. पुढे हसू फुटलं. आबांची मान खाली गेली.

तेवढ्यात मागून एक दणकट हात माझ्या खांद्यावर पडला.

"सरक बापा!"

भिकुबाई! त्यांनी तो बोलपट अकरा वेळा पाहिला होता. पदर खोचून त्या पडद्यापाशी येऊन उभ्या राहिल्या, आणि राणी बोलू लागली. पण ती भारदस्त हिंदी भिकुबाईंना कुठून यावी? राणी आपली घरच्या भाषेत बोलली.

"महाराज, माले सोडीसन कोठे चालनात तुम्ही? घरमा दाणा नही, आन् तुम्हले शिकार सुची राहिनी!"

मग अशी आरोळी उठली की मला वाटलं पत्रा गेला! सात आठवडे त्या माणसांनी राणीचं तोंड पाहिलं होतं. ती काय म्हणते, ते आज कळलं!

"खरं बोलस राणी!" धनसिंगभाऊ ओरडले.

मला धीर आला. मी पेटीवर बसलो, वना तबल्यावर. राजा घोड्यावर बसला, वनाने करवंट्या आपटल्या. सगळं सुरळीत चाललं होतं. आणि पडद्यावर राजमाता आली.

राजमातेला आवाज नव्हता. भिकुबाई मागे वळून म्हणाल्या, "कोनी तरी बोला वं!" तेव्हा झुंबरबाई उठल्या.

या झुंबरबाई भिकुबाईंच्या शेजारीण. दोघींची ओटी एक, भिंत एक, आणि गेल्या रविवारपासून अबोला. कारण मला पुढे कळलं. तेव्हा एवढंच दिसलं की झुंबरबाई उठल्या आणि भिकुबाईंचा चेहरा बदलला.

राजमातेने पडद्यावर हात वर केला. झुंबरबाई म्हणाल्या, "सूनबाई, रडस कसाले?"

राणीने मान वर केली. भिकुबाई म्हणाल्या, "रडू नही त काय करू? मन्या कुरडया कोनी खाद्यात?"

मी पेटीवरून मान वर केली. हे बोलपटात नव्हतं.

"माले काय इचारस?" राजमाता म्हणाली.

"तुनी बकरी खाई गयी! दोन पायली गहूस्न्या कुरडया! तीन दिन गहू भिजाडात, चिक घोटीसन मना हात मोडनात, खाटलावर वाळत घालेल व्हत्यात, आन् तुनी बकरी..."

"मनी बकरी गरीब शे! तुनीच नजर वाईट शे!"

"गरीब? अर्धं खाटलं खाई गयी ती!"

मी हातवारे करून दोघींना थांबवायला लागलो. "बाई, चित्राकडे बघा! चित्राकडे!" कोणी बघेना. पडद्यावर प्रधान आला, दोघींकडे बघून त्याने हात जोडले. भिकुबाई त्याच्यावर कडाडल्या, "तू मधमा बोलू नको!" प्रधान खरोखरच न बोलता निघून गेला. चित्रात तसंच होतं. पुढची माणसं खुर्च्यांवर चढली.

मग पडद्यावर सेनापती हत्तीवर बसला, आणि हजार माणसांचं सैन्य निघालं. दोघींचं भांडण चालूच. तेव्हा सेनापतीने तलवार उपसून जे काही सैन्याला सांगितलं ते असं होतं, "उद्या माले कुरडया भरी दे, नही त बकरी बांधीसन ठेवसू!"

"आते समजनं!" धनसिंगभाऊंनी मांडीवर थाप मारली. "सात आठवडा मी इचार करी राहिनू, ही लढाई कसाले व्हस? कुरडया खाद्यात, म्हनीसन लढाई!"

"दोन पायलीन्या खाद्यात!" कोणीतरी म्हणालं. "लढाई व्हयीच!"

"राणीनं बरोबर शे!"

"बकरीले काय समजस? राजमातानं बरोबर शे!"

थेटरात दोन तट पडले. मी पेटीवर लढाई वाजवत होतो, वना तबला न् करवंट्या एकदम हाणत होता, मी पायाने धुनकी छेडून बाण सोडत होतो. एवढ्यात पडद्यावर शिकारीचा प्रसंग आला आणि जाळीतून वाघ निघाला. वाघाचं मी साफ विसरलो होतो! बायकांच्या पिण्याच्या पाण्याचा माठ कोपऱ्यात होता. मी तो उचलला, उरलेलं पाणी वनावर ओतलं, त्यात तोंड घातलं आणि पोटाच्या तळापासून ओरडलो. मुळातच म्हशीचा झालेला माझा आवाज त्या माठात घुमला, पत्र्यावर आपटला आणि परत आला.

दोन्ही तट गप्प झाले. भिकुबाई आणि झुंबरबाई, दोघी एकमेकींना घट्ट धरून उभ्या राहिल्या. रविवारपासून पहिल्यांदाच.

पाच वाजता राजाराणी भेटले. त्या वेळी राणीने राजाला नेमकं काय सांगितलं ते मी लिहीत नाही, पण त्यात बकरी होती. टाळ्या, शिट्ट्या, फेटे हवेत! मी उठलो. त्या दिवशी मी खरोखर घामाने भिजलो होतो, धापा टाकत होतो, तरी वनाने सवयीने तांब्या ओतलाच. पुढे जाऊन मी नमस्कार केला. "राणी! राणी!" असा गजर झाला. धनसिंगभाऊंनी आबांना मिठी मारली. "आबा, तुमना पोऱ्यासारखी बाई धुळामा नही!"

आबांनी मिठी सोडवली. ते उठले, आणि पडद्याच्या कडेने सरळ मागे आले.

मागे बायका निघायच्या गडबडीत होत्या. आबांनी गप्प पडलेला कर्णा बघितला, पेटी बघितली, जमिनीवर विखुरलेल्या करवंट्या बघितल्या. मग भिकुबाईंकडे वळून म्हणाले, "बाई, हा माहा पोरगा. लीलाधर."

"वळखतस ना!" भिकुबाई पदर सोडत म्हणाल्या. "गुणना शे. सात आठवडामा आज पहिल्यांदा काम करताना दिखना."

आणि त्या गेल्या.

आबा माझ्याकडे वळले.

"राणी तू नव्हता?"

"नाही, आबा."

"ते म्हातारी भांडत होती, ते?"

"त्या झुंबरबाई."

"घोडे?"

"वना."

वनाने लगबगीने नमस्कार केला.

"मंग तू कोन व्हता रे?"

"पेटी," मी म्हणालो. ते पुरेसं वाटलं नाही म्हणून जमिनीकडे बघत म्हणालो, "आणि वाघ."

मी माठ उचलून दाखवला. पत्रा तापून कडकडत होता. माझी मुंबई, माझ्या चाली, रेग्यांचा स्टुडिओ, सगळं त्या कडकडण्यात चाललेलं मला ऐकू येत होतं.

"वाघ तू?" आबांनी पुन्हा विचारलं.

"मीच."

"खरं?"

"आईशप्पथ, आबा."

आबांनी टोपी काढली, कपाळ पुसलं, टोपी घातली.

"मी पाय वर घेतले," ते हळूच म्हणाले. "खुर्चीवर. सगळ्यांसमोर. समोर कापड आहे, हे मले माहीत व्हतं, तरी घेतले." मग माझ्या पाठीवर हात ठेवून म्हणाले, "जा मुंबईले. हे काम आहे. मास्तरांना मी समजावून सांगीन."

माझे डोळे भरून आले. मी त्यांच्या पाया पडायला वाकलो. आबांनी मला खांद्याला धरून उठवलं, इकडे तिकडे बघितलं आणि आवाज आणखी खाली आणला.

"फक्त एक कर लीलाधर, नाही म्हणू नको."

"तुम्ही सांगा तर खरं, आबा!"

"जायच्या आधी चार दिवस घरी ये. बागेत रानडुकरं फार माजली आहेत. आणि हा माठ मालकांपाशी मागून घे. घरचा तुही माय देणार नाही."